खोडलेल्या नावाखाली सही कोणाची?

शाळांच्या कबड्डी सामन्याला पंच म्हणून गेलं की शिट्टीच्या आधी हातात कागद येतो. संघाची यादी. बारा नावं, जन्मतारखा, चिकटवलेले फोटो, मुख्याध्यापकांची सही आणि गोल शिक्का. चेहरा फोटोशी जुळतो का, वय गटात बसतं का, एवढं बघून आम्ही तो कागद गुणलेखकाकडे सरकवतो. मला मात्र अलीकडे आडव्या रेघा शोधायची खोड लागली आहे. तालुक्याला जे नाव होतं, ते जिल्ह्याला जाताना पेनानं खोडून वर दुसरं लिहिलेलं असतं. आमच्या खालापूर-कर्जत भागात ते खोडलेलं आडनाव पुष्कळदा वाघमारे, हिलम, मुकणे किंवा पारधी असतं. कातकऱ्यांची आणि ठाकरांची पोरं.

मी कुंभिवलीचा. खोपोलीच्या एका कारखान्यात फिटर होतो. तरुणपणी गावच्या संघातून उजवा कोपरा खेळलो आणि गुडघा गेल्यावर पंचाची परीक्षा दिली. उत्सवातले सामने, शाळांचे सामने, कारखान्यांचे सामने, सगळीकडे शिट्टी फुंकली. पंचानं मत देऊ नये असं म्हणतात. मैदानावर मी कधी दिलं नाही. इथे देतो.

मागे एका तालुका स्पर्धेत चौदा वर्षांखालच्या गटात एक पोरगा पाहिला. अंगानं काटकुळा. चढाईला जाताना मध्यरेषेवर क्षणभर थांबायचा, समोरचे सातही जण नीट बघून घ्यायचा आणि मग आत शिरायचा. डावा पाय बोनस रेषेपलीकडे टाकून कोपऱ्याला चाळवायचा आणि तो पुढे आला की त्याच्या गुडघ्याला शिवून परत. दम कुठे तुटायचा नाही. अंतिम सामन्यात त्यानं दोन लोण जवळजवळ एकट्यानं दिले. काही दिवसांनी तोच संघ जिल्ह्याला आला तेव्हा यादीत त्याचं नाव खोडलेलं होतं आणि त्याची बनियन दुसऱ्या पोराच्या अंगावर होती. तो पोरगा इतका लहानखुरा की बनियन मागून सेफ्टी पिनेनं आवळलेली. मी बरोबरच्या सरांना विचारलं. ते म्हणाले, "अहो, कागद कुठायत त्याचे? आधारवर तारीख वेगळी, पहिलीच्या उताऱ्यावर वेगळी. आणि दिवाळीनंतर आईबाप भट्टीवर जाणार. कशाला झंझट?" संघ दुसऱ्याच सामन्यात हरला. पोरांनी पुरीभाजी खाल्ली, एसटीत बसली, गेली.

त्या सरांना मी व्हिलन ठरवत नाही. एका माणसावर चार वर्ग, निवडणुकीची कामं, पोषण आहाराचा हिशेब आणि वर संघ. पण एक गोष्ट डोक्यातून जात नाही. त्या अकरा पोरांना कोणीच विचारलं नाही, की याला सोडून जायचं का?

हा प्रश्न खरोखर विचारला गेला, तो अमेरिकेत, १९५१ साली. माझा भाचा कॅलिफोर्नियात नोकरीला आहे. त्यानं एकदा फोनवर सहज सांगितलं, मामा, इथे पहिला काळा पंच झाला तो आधी कॉलेजचा जबरदस्त खेळाडू होता आणि गुडघा गेल्यावर पंच झाला. पंच आणि गुडघा हे दोन शब्द ऐकून मी कान टवकारले. मग मिळेल ते वाचत गेलो.

त्या पंचाचं नाव बर्ल टोलर. तो ज्या संघातून खेळला तो सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाचा फुटबॉल संघ, टोपणनाव 'डॉन्स'. फुटबॉल म्हणजे त्यांचा, लांबुळका चेंडू हातात धरून पळायचा. आपल्या कबड्डीवाल्याला तो खेळ लवकर कळतो, कारण अर्धा खेळ पकडीचा आहे. विद्यापीठ जेझुइट पाद्र्यांनी चालवलेलं, छोटं. संघात महायुद्धातून परतलेले गडीही होते. जिनो मार्केटी तर युरोपात जर्मन फौजेशी लढून आला होता. बॉब सेंट क्लेअर पावणेसात फुटांचा, मांस कच्चंच खायचा म्हणे. आणि ओली मॅट्सन. ओलीसारखा धावणारा त्या वर्षी देशभरात दुसरा नव्हता. एका हंगामात चेंडू घेऊन १,५६६ यार्ड पळाला आणि २१ वेळा गोलरेषेपार गेला. हे दोन्ही आकडे त्या वर्षी देशातले सर्वांत मोठे. शिवाय तो बचावालाही उभा राहायचा.

टोलर आणि मॅट्सन, दोघे काळे. टोलर जन्मानं टेनेसीतल्या मेम्फिसचा, मॅट्सन टेक्ससचा. म्हणजे दोघेही दक्षिणेतले, जिथे बस, शाळा, हॉटेल, पाण्याचा नळ सगळं गोऱ्यांचं वेगळं आणि काळ्यांचं वेगळं होतं.

त्या हंगामात डॉन्स नऊ सामने खेळले आणि नऊच्या नऊ जिंकले. सॅन होजे स्टेटला दोनदा हरवलं, न्यूयॉर्कला जाऊन फोर्डहॅमला ३२-२६ असं हरवलं, पॅसिफिकचा ४७-१४ असा धुव्वा उडवला आणि शेवटी लॉयोलाला २०-२. अमेरिकेत कॉलेज फुटबॉलचा हंगाम संपला की निवडक संघांना 'बोल' नावाच्या मोठ्या सामन्यांची आमंत्रणं येतात. एक जानेवारीच्या आसपास हे सामने होतात. नाव होतं आणि पैसाही मिळतो. डॉन्सना पैसा हवाच होता, कारण फुटबॉलचा खर्च विद्यापीठाला झेपत नव्हता. मायामीच्या ऑरेंज बोलकडून विचारणा झाली ती एका अटीवर. मॅट्सन आणि टोलर यांना घरी ठेवून या.

प्रशिक्षक जो कुहारिच यांनी ती अट संघापुढे ठेवली. त्या संघातल्या खेळाडूंनी पुढे म्हातारपणापर्यंत जे सांगितलं ते असं, की मतदान वगैरे काही झालं नाही, त्याची गरजच पडली नाही. जायचं तर सगळे, नाहीतर कोणी नाही. बोलच्या मंडळींनी पुढे कारण दिलं की डॉन्सचे प्रतिस्पर्धी दुबळे होते. एक जानेवारी १९५२ला ऑरेंज बोलच्या मैदानावर जॉर्जिया टेक आणि बेलर खेळले.

मग या पोरांना काय मिळालं? त्या वेळी काहीच नाही. हंगाम संपताच विद्यापीठानं तोट्याचं कारण देऊन फुटबॉल संघच बंद केला. नऊ सामने जिंकलेला, एकही न हरलेला, एकही बरोबरीत न सोडवलेला संघ पुढच्या वर्षी अस्तित्वातच नव्हता. आपल्याकडे अशा गोष्टी सांगताना शेवटी ढोल वाजतात, सत्याचा विजय होतो. इथे तसलं काही झालं नाही. नाही म्हणणं महागात पडलं आणि पोरांनी ती किंमत मोजली. मला ही गोष्ट पटते ती म्हणूनच.

पुढचं थोडक्यात सांगतो. मॅट्सन, मार्केटी आणि सेंट क्लेअर हे तिघे व्यावसायिक फुटबॉलमध्ये एवढे मोठे झाले की तिघांनाही त्या खेळाच्या 'हॉल ऑफ फेम'मध्ये जागा मिळाली. एका कॉलेजच्या एकाच संघातले तिघे! १९५९ साली लॉस एंजेलिस रॅम्सनी एकट्या मॅट्सनसाठी नऊ जणांचा सौदा केला. तो करणारा व्यवस्थापक पीट रोझेल, हा पूर्वी त्याच डॉन्स संघाच्या प्रसिद्धीचं काम बघायचा. पुढे तो एनएफएल या अख्ख्या व्यावसायिक लीगचा प्रमुख झाला. टोलरचा गुडघा १९५२च्या एका प्रदर्शनी सामन्यात गेला आणि खेळ संपला. तो शाळेत गणित आणि शारीरिक शिक्षण शिकवू लागला, मुख्याध्यापक झाला, आणि १९६५ साली एनएफएलचा पहिला काळा पंच झाला. १९८०च्या जानेवारीत सुपर बोलच्या, म्हणजे एनएफएलच्या अंतिम सामन्याच्या, मैदानावरही तो पंच म्हणून उभा होता. २००६ साली, म्हणजे पंचावन्न वर्षांनी, विद्यापीठानं त्या संघातल्या हयात खेळाडूंना मानद डॉक्टरेट दिली. एवढा उशीर कशाला, ते त्यांचं त्यांना ठाऊक.

आता कोणी म्हणेल, हे अमेरिकेतलं पुराण इथे कशाला? कातकऱ्याच्या पोराचं नाव काही रंगावरून खोडत नाहीत. कबूल. नियमात तसं कुठेच लिहिलेलं नाही. तिथे अट तोंडावर सांगितली, म्हणून तिला तोंडावर नाही म्हणता आलं. आपल्याकडे तीच अट कागद, भाडं, भट्टी, "तो येईल का नाही कोण सांगणार" अशा शब्दांतून येते. रेघ मात्र त्याच त्या आडनावांवर पडते. आणि अट कोणी बोलतच नाही, म्हणून नाकारायची वेळही कोणावर येत नाही.

आपल्या इतिहासातही एक गोष्ट आहे. पालवणकर बाळू, चांभार समाजातला अव्वल डावखुरा गोलंदाज. १९११च्या इंग्लंड दौऱ्यात शंभरावर बळी घेतले. पुण्यात मैदानावर त्याच्या हातचा चेंडू चालायचा, चहा मात्र वेगळ्या भांड्यात. मुंबईच्या चौरंगी क्रिकेट सामन्यांत संघ धर्मावार असत, तिथे हिंदू संघाचं कर्णधारपद त्याला कधी मिळालं नाही. १९२० साली बाळूला डावललं तेव्हा त्याचे भाऊ विठ्ठल आणि शिवराम निषेध म्हणून संघाबाहेर राहिले. पुढे समेट झाला आणि १९२३ साली विठ्ठल कर्णधार झाला, हिंदू संघ जिंकलाही. पण त्या वीस सालच्या सामन्यात बाहेर कोण राहिलं बघा. ज्यांच्यावर अन्याय झाला तेच. उरलेला संघ पांढरे कपडे घालून मैदानात उतरला. सॅन फ्रान्सिस्कोत ज्यांचं काहीच बिघडत नव्हतं त्यांनी नाही म्हटलं. या दोन गोष्टींत जे अंतर आहे, ते आपल्या शाळांच्या एसटीत आजही दिसतं.

कोणी तरी उभं राहिलं की काय होतं, याचंही उदाहरण घरचंच आहे. हेलसिंकी ऑलिंपिक, जुलै १९५२. तोच ओली मॅट्सन तिथे चारशे मीटर धावला आणि कांस्यपदक घेतलं, रिलेत रौप्यही मिळवलं. त्याच आठवड्यात कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचा खाशाबा जाधव कुस्तीत कांस्यपदक घेऊन उभा राहिला. स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक. दोघेही कॉलेजात घडलेले गडी, आणि मॅट्सनसारखंच खाशाबालाही वगळायला बघितलं होतं. निवडीत त्याला डावललं गेलं. त्यानं पतियाळाच्या महाराजांपर्यंत दाद मागितली, पुन्हा चाचणी कुस्ती झाली आणि ती त्यानं जिंकली. मग प्रश्न पैशांचा. गावानं वर्गणी काढली आणि कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं घर सात हजार रुपयांना गहाण ठेवलं. परत आल्यावर कऱ्हाड स्टेशनपासून १५१ बैलगाड्यांची मिरवणूक निघाली, ती सगळ्यांना ठाऊक आहे. त्या पैलवानानं नंतर कुस्त्यांचे फड भरवून प्राचार्यांचे पैसे फेडले, हे कमी लोकांना ठाऊक असतं.

आजच्या मुख्याध्यापकांनी घरं गहाण ठेवावीत असं मी म्हणत नाही. जिल्ह्याच्या सामन्यांना खालापूरहून अलिबागपर्यंत जायला घर गहाण टाकावं लागत नाही. लागतो एक फोन, एक उतारा आणि जून महिन्यात थोडी धावपळ.

कारण हा नुसता खेळाचा प्रश्न नाही. वरच्या स्पर्धांत खेळलेल्याला दहावी-बारावीला क्रीडागुण मिळतात. सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे. त्या सगळ्याचं मूळ एका प्रमाणपत्रात असतं आणि प्रमाणपत्राचं मूळ त्या यादीत. ज्या पोराच्या चढाईवर संघ तालुका जिंकला, त्याच्या हातात काही नाही. ज्यानं सेफ्टी पिनेची बनियन घालून दहा मिनिटं मैदानावर काढली, त्याच्याकडे जिल्ह्याचं प्रमाणपत्र आहे. त्या दुसऱ्या पोराचाही यात दोष नाही, त्याला बिचाऱ्याला सांगितलं म्हणून तो आला.

कागदांचं म्हणाल तर वाडीवरच्या पोरांच्या तारखा जुळत नाहीत हे सगळ्या शाळांना पहिलीपासून माहीत असतं. आधारचं केंद्र, ग्रामपंचायत, तहसील, सगळं तालुक्यातच आहे. स्पर्धा पावसाळ्यानंतर आणि दुरुस्तीची आठवण स्पर्धेच्या आदल्या संध्याकाळी, हा दरवर्षीचा खेळ. भट्टीचं म्हणाल तर कातकरी कुटुंबं दिवाळीनंतर वीटभट्ट्यांवर आणि कोळशाच्या कामाला जातात, हेही काही गुपित नाही. पोरगा आठवडाभर कोणाकडे तरी राहू शकतो. आमच्या गावात पूर्वी सामन्याला आलेले परगावचे संघ घराघरांत वाटून उतरायचे, भाकरी-सुकट खाऊन ओट्यावर झोपायचे. दुसऱ्या गावच्या संघाला जी जागा होती ती आपल्याच शाळेच्या पोराला नाही?

आता प्रो कबड्डी आली. टीव्हीवर मॅट, दिवे, लिलावात लाखांचे आकडे. चांगलं झालं, खेळाला दिवस आले. पण त्या चमकेनं शाळांतही जिंकायची घाई आली आहे. बाहेरून धिप्पाड पोरं आणून दाखला फिरवणं, वय चोरणं, हे प्रकार आम्ही पंच बघतो आणि तक्रार आली तर कारवाई होते. बाहेरचा आत घुसला तर हरकत घ्यायला विरुद्ध संघ तयारच असतो. आतला बाहेर काढला तर हरकत कोण घेणार? विरुद्ध संघाला तर आनंदच. नियमाच्या पुस्तकात या दुसऱ्या प्रकाराला पानच नाही.

ते पान लिहावं एवढंच माझं म्हणणं आहे. तालुका जिंकलेली बारा नावं तीच पुढे जावीत. आजार, दुखापत असेल तर बदल जरूर व्हावा, पण खोडलेल्या नावापुढे कारण लिहावं आणि त्याखाली ज्याचं नाव खोडलं त्या पोराच्या पालकाची सही किंवा अंगठा असावा. आज सही फक्त मुख्याध्यापकांची असते. एक सही वाढली तर निम्म्या रेघा आपोआप थांबतील, हा माझा अंदाज नाही, पंच म्हणून खात्री आहे, कारण ती सही आणायला कोणाला तरी वाडीवर चढून जावं लागेल. आणि संघाला विचारावं. बारा-तेरा वर्षांची पोरं काय ठरवणार असं म्हणू नका. डावा कोपरा कोणी धरायचा हे तीच ठरवतात. कोणाच्या जिवावर आपण इथवर आलो हेही त्यांना पक्कं माहीत असतं.

काही जण मला म्हणतात, एका पोरासाठी अकरा जणांची संधी घालवायची का? डॉन्सच्या पोरांनी घालवली. पण आपल्याकडे तेवढी वेळ येतच नाही. इथे कोणी मायामीतून अट घालत नाही, अट आपणच आपल्याला घालतो. ती काढून टाकायला संघ बंद पडत नाही की तोटा होत नाही.

म्हणून आमच्या खालापूर-कर्जतमधल्या मुख्याध्यापकांना, क्रीडाशिक्षकांना आणि शाळा व्यवस्थापन समितीत बसणाऱ्या गावकऱ्यांना ही विनंती. यंदाच्या स्पर्धांना अजून वेळ आहे. आपल्या संघातल्या वाडीवरच्या पोरांचे कागद आजच काढून बघा. तारीख चुकलेली असेल तर दुरुस्तीला लावा, आईबाप भट्टीवर जाणार असतील तर पोराला ठेवायचं घर आत्ताच ठरवा. कुंभिवलीत एक खोली आणि दोन वेळचं जेवण माझ्याकडे आहे. निरोप धाडा.